पाचगणीचा फारूख आणि आज्याचा तारपा

मुलांनो, पाऊस पत्र्यावर पडायला लागला की आमच्या शाळेतलं शिकवणं थांबतं. थांबतं म्हणजे सुट्टी नव्हे, बरं का! मी बोलत असतो, पण मुलांना नुसतं माझं तोंड हललेलं दिसतं. जव्हारहून मोखाड्याला जाणाऱ्या रस्त्यावरून आत वळलं आणि एक ओहोळ ओलांडला की आमचा पाडा लागतो. इकडचा जुलै-ऑगस्टातला पाऊस ज्यांनी पाहिलाय, त्यांना वेगळं सांगायला नको. अशा दिवशी आम्ही चित्रं काढतो, फळ्यावर मुक्यानेच गणितं सोडवतो, नाहीतर शाळेच्या जुन्या लॅपटॉपला हेडफोन लावून काहीतरी ऐकतो. हेडफोन एकच आहे. म्हणून रांग लावायची आणि प्रत्येकाने दोन-दोन मिनिटं ऐकायचं.

मागच्या पावसाळ्यात अशाच एका शनिवारी आम्ही जे ऐकलं, त्याची ही हकिगत. हिच्यात एक तारपाही येणार आहे, पण तो नंतर. आधी आपल्याला इंग्लंडला जायचंय, तेही पाचगणीमार्गे!

तुम्ही म्हणाल, "गुरुजी, पाड्यावरच्या मुलांना इंग्रजी गाणी कशाला?" आमच्या मुलांनीही हेच विचारलं. मी म्हटलं, "अरे, हा गाणारा आपल्या महाराष्ट्रातल्या शाळेत शिकलाय." तेव्हा कुठे सगळे सरसावून बसले.

त्याचं खरं नाव फारूख बलसारा. जन्म ५ सप्टेंबर १९४६ चा, म्हणजे आपला शिक्षक दिन असतो ना, त्याच तारखेचा. आफ्रिकेजवळच्या झांजिबार बेटावर एका पारशी घरात तो जन्मला. वडील तिथे सरकारी कचेरीत रोखपाल होते. घराणं मूळचं गुजरातमधल्या बलसारचं, म्हणून आडनाव बलसारा. त्या बलसारला आता वलसाड म्हणतात. आपला पालघर जिल्हा उत्तरेला संपला की वलसाड जिल्हाच लागतो. म्हणजे तसा शेजारचाच की!

फारूख आठेक वर्षांचा असताना आई-वडिलांनी त्याला बोटीने मुंबईला पाठवलं आणि पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेच्या वसतिगृहात ठेवलं. आई-वडील समुद्रापलीकडे आणि हा एवढासा पोर डोंगरावरच्या शाळेत. तुमच्यातले जे आश्रमशाळेत राहतात, त्यांना त्याच्या पोटात काय कालवलं असेल ते बरोबर कळेल. या शाळेतच तो पियानो शिकला, इथेच मित्र त्याला फ्रेडी म्हणायला लागले आणि १२ वर्षांचा असताना इथेच त्याने चार मित्रांबरोबर पहिला बँड काढला. बँडचं नाव 'हेक्टिक्स'. १९६३ मध्ये तो झांजिबारला परत गेला. पुढच्याच वर्षी तिथे क्रांती झाली, दंगली झाल्या आणि बलसारा कुटुंब जीव वाचवून इंग्लंडला गेलं. तिथे १९७० मध्ये फ्रेडीने मित्रांबरोबर 'क्वीन' नावाचा बँड उभा केला आणि स्वतःचं आडनाव बदलून मर्क्युरी करून घेतलं. मर्क्युरी म्हणजे बुध. २४ नोव्हेंबर १९९१ ला तो गेला. पण त्याची गाणी जगभर अजून वाजतात.

'क्वीन'चा एक गाजलेला अल्बम आहे, 'अ नाइट ॲट दि ऑपेरा'. तो नोव्हेंबर १९७५ मध्ये निघाला. आम्ही ऐकला तो हा.

खरं सांगायचं तर मी यातली गाणी डी.एड.ला असतानाच ऐकली होती. त्या काळी तालुक्याच्या बाजारात मोबाइलचं मेमरी कार्ड भरून देणारी दुकानं असत. वीस-तीस रुपये दिले की दुकानदार कार्ड गच्च भरून द्यायचा. माझ्या कार्डात लावण्या, भजनं आणि हिंदी गाण्यांच्या गर्दीत फ्रेडीची दोन गाणी कुठून तरी आली होती. मला ती आवडायची. फक्त एकच खटकायचं. झांज वाजली की वाटायचं, कोणीतरी ती पाण्याच्या हंड्यात बुडवून वाजवतंय. आणि सगळे मिळून गायला लागले की नुसता गलका! मला वाटायचं, इंग्रजी गाणी अशीच असतात.

मग काही वर्षांनी डोंबिवलीच्या मावसभावाने घर आवरताना जुन्या सीडींचा एक खोका मला देऊन टाकला. त्यात ही सीडी होती. शाळेचा लॅपटॉप जुना असल्यामुळे त्याला सीडी घालायची खाच आहे (जुन्या वस्तूंना नावं ठेवू नयेत ती अशी!). मी सीडीतली गाणी लॅपटॉपमध्ये उतरवून घेतली, एक कणही न गमावता. 'फ्लॅक' नावाची एक पद्धत आहे, तिने. आणि हेडफोन लावला.

काय सांगू! ज्याला मी गलका समजत होतो, त्यात माणसं होती. वेगवेगळी माणसं, डाव्या कानात वेगळी, उजव्या कानात वेगळी. मागे कोणीतरी हलकेच श्वास घेतल्याचंही कळत होतं.

आता मुलांनी काय ऐकलं ते ऐका. एका गाण्यात फ्रेडीचा आवाज डब्यातून आल्यासारखा येतो. तो खरोखरच डब्यातून आलाय! गाणं आधी हेडफोनमधून वाजवलं, ते हेडफोन एका पत्र्याच्या डब्यात ठेवले आणि डब्यातून येणारा आवाज पुन्हा रेकॉर्ड केला. हे कळल्यावर आमच्या मुलांनी खिचडीच्या रिकाम्या पातेल्यात तोंड घालून गायला सुरुवात केली. दुसऱ्या एका गाण्यात मधेच पिपाण्या आणि कर्णे वाजतात. पण ती वाद्यं नाहीतच! फ्रेडी आणि ढोलकऱ्याचं काम करणारा रॉजर टेलर या दोघांनी ते आवाज तोंडाने काढलेत. त्याच गाण्यात बूट घालून नाचल्यासारखा टकटक आवाज येतो. शिवताना सुई टोचू नये म्हणून बोटात घालतात ना, ती धातूची टोपणं, अंगुस्तानं, ती बोटांत घालून त्यांनी टेबलावर वाजवली होती.

आणखी एका गाण्यात लग्नातल्या बँडबाजासारखा ताफा वाजतो. तो सगळा ताफा म्हणजे एकटा ब्रायन मे आणि त्याची गिटार. या गिटारीची कथा तर वेगळीच सांगावी अशी आहे. ब्रायन शाळेत होता तेव्हा दुकानातली गिटार परवडेना. म्हणून १९६३ मध्ये त्याने आणि त्याच्या वडिलांनी ती घरीच बनवायला घेतली. लाकूड घेतलं जुन्या शेकोटीच्या चौकटीचं, स्प्रिंगा घेतल्या मोटरसायकलच्या आणि खुणांसाठी लावली आईच्या शिवणाच्या डब्यातली शिंपल्याची बटणं! तीच गिटार तो आयुष्यभर वाजवत आला. याच ब्रायनने या अल्बमात अंतराळप्रवाशांचं एक गाणं लिहिलंय. ते प्रवासी वर्षभराने परत येतात तर पृथ्वीवर शंभर वर्षं उलटून गेलेली असतात. गाणं लिहिणारा नुसता गिटारवाला नव्हता, बरं का. २००७ मध्ये त्याने खगोलशास्त्रात डॉक्टरेट मिळवली, सूर्यमालेतल्या धुळीवर!

आता या अल्बमातलं सगळ्यात प्रसिद्ध गाणं, 'बोहेमियन ऱ्हॅप्सडी'. लांबी ५ मिनिटं ५५ सेकंद. त्याच्या मधल्या भागात एक मोठा जमाव गातोय असं वाटतं. त्यात गॅलिलिओचं नाव येतं, ते मुलांनी बरोबर पकडलं. गाणारे किती असतील? मुलांचे अंदाज ५० पासून २०० पर्यंत गेले. उत्तर आहे तीन! फ्रेडी, ब्रायन आणि रॉजर. त्यांनी एकावर एक आवाज चढवत नेले, जवळजवळ १८० वेळा. दिवसाला दहा-दहा, बारा-बारा तास गायचे आणि एवढा एक तुकडा पुरा व्हायला तीन आठवडे लागले.

तेव्हा रेकॉर्डिंगसाठी संगणक नव्हते. सगळं टेपवर. टेप म्हणजे लांबच लांब प्लॅस्टिकची पट्टी आणि तिच्यावर लोखंडाच्या गंजासारख्या तपकिरी पुडीचा लेप. आवाज राहतो तो त्या लेपात. पट्टी यंत्रातून इतक्या वेळा फिरवली की लेप झिजला. पट्टी उजेडाकडे धरली तर आरपार दिसायला लागलं होतं! म्हणजे आवाजच झिजत चालला होता. मग घाईने दुसऱ्या टेपवर नक्कल करून घ्यावी लागली. पण टेपवरून टेपवर नक्कल केली की दर वेळी थोडी सुरसुर वाढतेच. तुमच्या आई-बाबांना विचारा. त्यांनी मित्राच्या कॅसेटवरून कॅसेट भरली असेल, त्यावरून आणखी कोणी भरली असेल. तिसऱ्या-चौथ्या कॅसेटला गाण्यापेक्षा सुरसुर जास्त.

सीडीत किंवा संगणकात मात्र आवाज आकड्यांत असतो. आणि आकड्यांची नक्कल झिजत नाही. पाढ्यांची वही तुम्ही शंभर वेळा उतरवून काढा. न चुकता उतरवली तर ७ आठे छप्पनच राहतात. शंभराव्या वहीत ते साडेपंचावन्न होत नाहीत.

आवाजाचे आकडे होतात कसे? आवाज म्हणजे हवेची थरथर. ही थरथर सीडीसाठी एका सेकंदात ४४,१०० वेळा मोजतात. एवढ्या वेळा का? तर माणसाच्या कानाला सेकंदाला साधारण २०,००० पर्यंतची कंपनं ऐकू येतात आणि कंपन नीट पकडायचं तर त्याच्या दुपटीहून जास्त वेळा मोजावं लागतं. प्रत्येक मोजणी ६५,५३६ पायऱ्यांच्या शिडीवर केलेली असते. एवढ्या पायऱ्या लिहायला १६ बिटं लागतात. डावा कान वेगळा, उजवा वेगळा.

हे गणित आम्ही फळ्यावर केलं. तुम्हीही वहीत करा. ४४,१०० गुणिले १६ गुणिले २. उत्तर १४,११,२००. एका सेकंदाला एवढी बिटं! आठ बिटांचा एक बाइट, म्हणजे सेकंदाला १,७६,४०० बाइट. बोहेमियन ऱ्हॅप्सडीचे सेकंद ३५५. गुणाकार केला की ६ कोटी २६ लाख २२ हजार, म्हणजे सुमारे ६२ एमबी. एका गाण्याला! दुकानदाराने माझ्या कार्डात भरलेलं तेच गाणं तीन एमबीसुद्धा नव्हतं.

"मग बाकीचे ५९ एमबी गेले कुठे?" सातवीतल्या एका मुलीने विचारलं. शाबास! प्रश्न असा असावा.

ते फेकले. दुकानदाराने नव्हे, 'एमपी३' नावाच्या पद्धतीने. ही पद्धत जर्मनीतल्या कार्लहाइन्झ ब्रांडेनबुर्ग वगैरे संशोधकांनी बसवली. त्यांनी पाहिलं की कानाला सगळं कळतच नाही. एक मोठा आवाज चालू असला की त्याच्या अगदी जवळचा बारीक आवाज आपल्याला ऐकू येत नाही. मग जे ऐकूच येत नाही ते लिहा कशाला? वगळून टाका! हे वगळणं नीट जमतंय का ते बघायला ब्रांडेनबुर्ग यांनी सुझान व्हेगा या गायिकेचं एक गाणं पुन्हा पुन्हा वापरलं. त्यात वाद्य एकही नाही, नुसता एकटीचा आवाज. त्यामुळे जरा चुकलं तरी लगेच उघडं पडायचं. १९९५ मध्ये या फाइलींना 'एमपी३' हे नाव मिळालं. पद्धत हुशारीची आहे, तिला मी नावं ठेवत नाही. पण हावरटपणाने फारच वगळलं तर ऐकू येणारं पण जातं. माझ्या कार्डातल्या झांजेचं तेच झालं होतं.

आता फ्लॅक काय करतं ते बघा. २००१ मध्ये जॉश कोलसन नावाच्या माणसाने ही पद्धत जगाला फुकट देऊन टाकली. हिच्यातही फाइल लहान होते, साधारण निम्मी, पण यात फेकत काहीच नाहीत. हे कसं? समजा, मोजण्या अशा आहेत: १२०३, १२०७, १२१०, १२१२. एवढे मोठे आकडे लिहिण्याऐवजी मी पहिला लिहीन १२०३ आणि पुढे नुसतं ४, ३, २. म्हणजे मागच्यापेक्षा किती वाढलं तेवढंच. जागा वाचली की नाही? आणि तुम्ही बेरीज करून मूळचे आकडे जसेच्या तसे परत काढू शकता. फ्लॅक याहून जरा जास्त हुशार आहे. ते पुढचा आकडा कोणता असेल याचा अंदाज बांधतं आणि अंदाज कितीने चुकला तेवढंच लिहून ठेवतं. पण मूळ युक्ती हीच.

मुलांना हे पटलं, पण चेहऱ्यावर उजेड पडला तो भाताच्या उदाहरणाने. घरी भात सडून तांदूळ काढतात. तूस जातं, कोंडा जातो, पसाराही कमी होतो. खायला तांदूळच हवा. पण पेरायला? तांदूळ पेरला तर उगवेल का? सगळी मुलं हसली. पेरायला भातच ठेवावं लागतं, तुसासकट. तर एमपी३ म्हणजे तांदूळ आणि फ्लॅक म्हणजे कणगीतलं बियाणं.

मग आम्ही परीक्षा घेतली. माणसांची नाही, कानांची. गाण्याच्या शेवटच्या भागातला एक तुकडा मी तीन प्रकारे तयार केला. एक अगदी हलका एमपी३, दुकानातल्यासारखा. दुसरा चांगला, मोठा एमपी३, सेकंदाला ३,२०,००० बिटांचा. तिसरा फ्लॅक. नावं दिली क, ख, ग आणि कोणता कुठला ते चिठ्ठीवर लिहून चिठ्ठी खडूच्या डब्यात टाकली. हलका एमपी३ जवळजवळ सगळ्यांनी ओळखला. "गुरुजी, यात टिनाचा आवाज चिखलात गेलाय." पण चांगला एमपी३ आणि फ्लॅक यांतला फरक? निम्म्यांचं बरोबर आलं, निम्म्यांचं चूक. नाणं उडवलं असतं तरी एवढंच आलं असतं. आणि गुरुजी? चिठ्ठ्यांची उलटापालट करायला लावून मी तीनदा परीक्षा दिली आणि दोनदा नापास झालो. मुलांना एवढा आनंद १५ ऑगस्टच्या लाडवांनीही होत नाही.

यात एक गंमत आहे. बारीक, उंच आवाज लहान मुलांना मोठ्यांपेक्षा जास्त ऐकू येतात. वय वाढेल तसा कान वरच्या बाजूने खालावत जातो. तेव्हा आवाजाच्या बाबतीत "मला कळतंय, तू गप्प बस" असं कोणी मोठ्याने म्हटलं तर तुम्ही मनातल्या मनात हसायला हरकत नाही.

"मग फ्लॅक कशाला, गुरुजी? चांगल्या एमपी३ वर भागतंय की," एक जण म्हणाला. नुसतं ऐकायचं असेल तर खरंच भागतं. कोणी छातीठोकपणे नाही म्हणायला लागला तर त्याचीही अशीच चिठ्ठ्यांची परीक्षा घ्यावी.

तेवढ्यात सहावीतला एक मुलगा म्हणाला, "ती बारकी फाइल परत मोठी करा ना." करून पाहिली. दुकानातल्यासारख्या त्या हलक्या तुकड्याचं संगणकाकडून फ्लॅक करून घेतलं. फाइल चांगली जाडजूड झाली. हेडफोन लावला, तर झांज चिखलातच! तांदळाला परत तूस चिकटवून बियाणं होत नाही, तसंच हे. मग आम्ही आणखी एक खटपट केली. 'ऑडॅसिटी' नावाचं एक फुकट सॉफ्टवेअर आहे. त्यात मूळ तुकडा आणि हलका तुकडा काटेकोर जुळवून एकातून दुसरा वजा केला. जो फरक उरला तो ऐकला. फुसफुस, चरचर, मधेच कुजबुजल्यासारखं काहीतरी, जणू गाण्याचं भूत! एकीने घाबरून हेडफोन काढूनच टाकला.

सगळे हसत होते, पण मघाचा तो सहावीतला मुलगा काही हसला नाही. तो माझ्याजवळ आला आणि हळूच म्हणाला, "गुरुजी, आज्याचा तारपा पण असा काढून द्या ना."

आता तारप्याची गोष्ट. इकडच्या मुलांना तारपा काय ते सांगायला नको, पण तुमच्यातले पुण्या-नागपूरचे वाचणारे असतील, त्यांच्यासाठी सांगतो. वारली चित्रात माणसं हात धरून गोल गोल नाचताना दिसतात ना? त्यांच्या मधोमध एक जण लांबलचक वाद्य फुंकत असतो. तोच तारपा. वाळवलेला भोपळा, बांबूच्या नळ्या आणि पुढे ताडाच्या पानांचा कर्णा, सगळं मेणाने बसवलेलं. तारपकरी गालात हवा धरून ठेवतो आणि फुंकता फुंकताच नाकाने श्वास घेतो. त्यामुळे सूर तुटत नाही. कितीतरी वेळ वाजतच राहतो. जव्हार तालुक्यातल्या वाळवंड्याचे तारपकरी भिकल्या लाडक्या धिंडा यांचं नाव तुम्ही ऐकलं असेल.

या मुलाचे आजोबाही तारपकरी होते. मी या पाड्यावर नवा नवा आलो तेव्हा, २०१६ मध्ये, ते एका रात्री वाजवत होते आणि मी खिशातला बटणांचा मोबाइल काढून रेकॉर्ड केलं. मोठी हौस मला! पुढे २०१९ मध्ये आजोबा वारले. ते रेकॉर्डिंग तेवढं राहिलं.

त्या मोबाइलचं रेकॉर्डिंग बोलण्यासाठी केलेलं होतं. त्यात सेकंदाला फक्त ८,००० मोजण्या. म्हणजे ४,००० कंपनांच्या वरचं सगळं बाद. वर पुन्हा पिळून पिळून सेकंदाला १२,००० च्या आसपास बिटं. मुलांनी तिथल्या तिथे फळ्यावर भागाकार केला. सीडीच्या मानाने शंभरातला एक भागही भरेना. त्यात तारप्याचा आवाज म्हणजे काडेपेटीत कोंडलेला भुंगा. नळीतून निघणारी ती करकर नाही, फुंकर नाही, नाचणाऱ्यांची पावलं नाहीत. मी त्याला सांगितलं, "बाळा, जे टिपलंच नाही ते परत कुठून काढू?" तो काही बोलला नाही. जागेवर जाऊन बसला. त्या दिवशी पत्र्यावरचा पाऊस थांबला तरी वर्गात कोणी फार बोलत नव्हतं. रात्री मला सारखं वाटत होतं, तेव्हा जव्हारला कोणाकडून तरी एक बरं यंत्र मागून आणलं असतं तर? आजोबा तीन वर्षं होते की नंतर. मीच आज-उद्या करत राहिलो.

पावसाळा सरला. भातं पिकली आणि तारप्याचे दिवस आले. शेजारच्या पाड्यावर एक तारपकरी आहेत. त्यांना आम्ही बोलावलं. या वेळी माझ्या मोबाइलच्या रेकॉर्डरमधली सेटिंग आधी उघडून पाहिली. काही मोबाइलांत 'वेव्ह' म्हणून एक पर्याय असतो. तो काही न फेकता लिहितो. तुमच्या मोबाइलात असला तर तोच निवडा. आणि नंतर ती फाइल मित्राला पाठवताना जपा. पाठवण्याच्या नादात ती वाटेतच बारीक होऊ शकते. पेन ड्राइव्ह बरा.

पहिला प्रयत्न माझ्याच चुकीने वाया गेला. उत्साहाच्या भरात मोबाइल तारप्याच्या तोंडाशी धरला आणि आवाज फाटला. ती ६५,५३६ पायऱ्यांची शिडी सांगितली ना? आवाज शिडीच्याही वर गेला की वरचं सगळं छाटलं जातं. तेही परत येत नाही. मग दहा पावलं मागे आलो, कुडाच्या आडोशाला उलटी टोपली मांडली, तिच्यावर घोंगडीची घडी आणि घडीवर मोबाइल.

सुरू करायच्या आधी त्या मुलाने तारपकऱ्यांना एक गोष्ट ऐकवली. माझ्या जुन्या रेकॉर्डिंगमधला तो काडेपेटीतला भुंगा. त्यांनी मोबाइल कानाशी धरला. एकदा ऐकलं, परत ऐकलं. बोटं आपोआप मांडीवर हलायला लागली. "ही चाल मला ठाऊक आहे. तुझ्या आज्याबरोबर मी नाचलोय या चालीवर," ते म्हणाले. आवाज मेला होता, पण चाल त्यात शिल्लक होती! त्यांनी तारपा उचलला आणि तीच चाल धरली.

१४ मिनिटांचं रेकॉर्डिंग झालं, ७४ एमबीचं. त्याची एक नक्कल शाळेच्या लॅपटॉपमध्ये आहे, एक माझ्या घरी पेन ड्राइव्हवर आणि एक त्या मुलाच्या काकाकडे. सोमवारी हेडफोन लावून सगळ्यात आधी त्यानेच ऐकलं. बराच वेळ डोळे मिटून बसला होता. मग म्हणाला, "आज्याचा तारपा मोठा होता. त्याचा आवाज याहून जाड होता." एवढं त्याला आठवत होतं. आम्ही ते कागदावर लिहून ठेवलं.

नवव्या मिनिटाला रेकॉर्डिंगमध्ये एक कोंबडा आरवतो, चांगला दोनदा. एका मुलीने विचारलं, "गुरुजी, तेवढा कोंबडा काढून टाकायचा का?" मी काही बोलायच्या आत तो मुलगाच म्हणाला, "नको, राहू दे. तो आमचाच आहे."